दुपारचं पान : बीदर ते गाणगापूर

आपल्या मंडळातली बरीच कुटुंबं गाणगापूरला जाऊन आलेली आहेत. सोलापूरमार्गे जायचं, संगमावर स्नान, निर्गुण मठात पादुकांचं दर्शन, आणि संध्याकाळच्या गाडीने परत. गाणगापूर ज्या कलबुर्गी जिल्ह्यात येतं तो जिल्हा आणि त्याला लागून उत्तरेकडे असलेला बीदर जिल्हा मुलाबाळांसह सावकाश पाहणारी मंडळी मात्र कमीच. या हिवाळ्यात आम्ही तो प्रवास उलट्या दिशेने केला. बीदरला सुरुवात केली आणि भालकी, बसवकल्याण, हुमनाबाद, कलबुर्गी असं करत शेवटी गाणगापूर गाठलं. किल्ले, मशिदी, मठ पाहिलेच. पण रोज दुपारी बारा-एकच्या सुमारास कुठे ना कुठे पंगत बसलेली दिसायची आणि तीत लहान मुलं असायची. तेव्हा हा लेख त्या दुपारच्या पानाबद्दल आहे.

आधी थोडा भूगोल. १ नोव्हेंबर १९५६ ला भाषावार प्रांतरचना झाली आणि निजामाच्या जुन्या हैदराबाद राज्याचे तुकडे झाले. बीदर जिल्ह्यातले उदगीर, अहमदपूर, निलंगा हे तालुके मराठी मुलखात आले. बीदर, भालकी, औराद, हुमनाबाद, बसवकल्याण म्हैसूर राज्यात, म्हणजे आजच्या कर्नाटकात गेले. सोयरीक, शेतं, आठवडी बाजार मात्र रेषेच्या दोन्ही बाजूंना राहिले. औराद, भालकी, बसवकल्याण या भागांत आजही मराठी माध्यमाच्या सरकारी शाळा आहेत. तिथली मुलं घरी मराठी बोलतात, शाळेत मराठीबरोबर कन्नड शिकतात आणि गल्लीत दखनी बोलतात. विकासाच्या बाबतीत हा पट्टा मागे राहिला, हे डॉ. डी. एम. नंजुंडप्पा समितीने २००२ च्या अहवालात आकडेवारीनिशी मांडलं. पुढे घटनेत कलम ३७१ (जे) आलं, आणि २०१९ साली ‘हैदराबाद कर्नाटक’चं नाव ‘कल्याण कर्नाटक’ झालं. नाव बदललं तरी मुलांच्या वजनकाट्यावरचा आकडा आपोआप बदलत नाही. तो कशाने बदलतो, ते पाहायला हा मुलूख चांगला आहे.

बीदर : झऱ्याकाठचा लंगर

बीदर उंचावर आहे. माती लाल आणि हवा मोकळी. किल्ला, महमूद गावानचा मदरसा आणि बिदरी काम पाहून झालं की बहुतेक प्रवासी नानक झिऱ्याला येतात. गुरू नानक दक्षिणेच्या यात्रेत इथे आले, तेव्हा गावात पाण्याचे हाल होते. त्यांनी एक दगड बाजूला सारला आणि गोड पाण्याचा झरा लागला, अशी श्रद्धा आहे. खालसा पंथाच्या पहिल्या पंचप्याऱ्यांपैकी भाई साहिबसिंग हे या बीदरचेच. गुरुद्वाऱ्यात लंगर चालूच असतो. आमच्या शेजारी पंगतीत शाळेच्या गणवेशातली दोन मुलं बसली होती. वाढणाऱ्या बाबांनी न विचारता त्यांना दुसऱ्यांदा डाळ वाढली. कोण, कुठले, हा प्रश्न तिथे येत नाही.

बीदरचा आणखी एक चेहरा अलीकडचा आहे. १९८९ साली सुरू झालेल्या शाहीन संस्थासमूहामुळे हे शहर ‘नीट’च्या तयारीसाठी ओळखलं जाऊ लागलं. देशभरातून मुलं इथे वसतिगृहात राहून शिकतात. सीमेपलीकडे लातूरला जे आपण ‘लातूर पॅटर्न’च्या नावाने पाहिलं, त्याचाच हा शेजारी. संध्याकाळी चहाच्या टपरीवर सोळा-सतरा वर्षांची मुलं घोळक्याने दिसतात. हातात बिस्किटाचा पुडा, बगलेत प्रश्नसंच. मेसचं जेवण पोटभर असतं, पण आवडत नाही म्हणून अर्धं टाकलं जातं आणि रात्री भूक लागली की चिप्सची पुडी फोडली जाते, असं त्यांच्यातल्याच एकाने हसत सांगितलं. घरी फोन झाला की आई पहिला प्रश्न ‘जेवलास का?’ असा विचारते. तो म्हणाला, “हो म्हणतो. काय जेवलो ते ती विचारत नाही, मी सांगत नाही.”

बिसियूट

कर्नाटकात शाळेतल्या जेवणाला लोक ‘बिसियूट’ म्हणतात; बिसी म्हणजे गरम, ऊट म्हणजे जेवण. योजनेचं सरकारी नाव आहे ‘अक्षर दासोह’. सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २००१ मध्ये शाळांत शिजवलेलं अन्न देण्याचा आदेश दिला, त्यानंतर २००२ साली कर्नाटकाने ही योजना सुरू केली ती आधी ईशान्येकडच्या सात जिल्ह्यांत. बीदर आणि गुलबर्गा त्या सातांत होते. २०१३ च्या ऑगस्टपासून ‘क्षीरभाग्य’ योजनेतून १५० मिलिलिटर दूध मिळू लागलं.

मुख्याध्यापकांची परवानगी घेऊन औराद भागातल्या एका मराठी शाळेत आम्ही ही पंगत पाहिली. व्हरांड्यात दोन रांगा, स्टीलची ताटं, भात आणि सांबार. मुली आपसात मराठीत बोलत होत्या आणि वाढणाऱ्या अक्काला कन्नडमधून ‘थोडा भात’ मागत होत्या. कन्नडमध्ये ‘अन्न’ म्हणजे शिजलेला भात. आपल्याकडे अन्न म्हणजे सगळंच जेवण. या दोन अर्थांमधल्या अंतरातच इथल्या मुलांच्या आरोग्याचा प्रश्न आहे. नुसत्या भाताने पोट भरतं, अंग भरत नाही. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत कर्नाटकातली पाच वर्षांखालची ३५.४ टक्के मुलं वयाच्या मानाने उंचीला कमी भरली, आणि सहा महिने ते पाच वर्षांच्या ६५.५ टक्के मुलांत रक्त कमी आढळलं. हे सगळ्या राज्याचं चित्र आहे.

म्हणून १ डिसेंबर २०२१ पासून सात जिल्ह्यांत पहिली ते आठवीच्या मुलांना उकडलेलं अंडं देणं सुरू झालं. याही वेळी बीदर आणि कलबुर्गी त्यांत होते. जे अंडं खात नाहीत त्यांना केळं किंवा शेंगदाण्याची चिक्की. त्यावर मोठा वाद झाला. काही मठाधिपतींनी आणि संघटनांनी विरोध केला. शाळेत मुलामुलांत भेद होईल, घरचा आचार मोडेल, असं त्यांचं म्हणणं होतं. दुसऱ्या बाजूला पालक, पोषणाचं काम करणारे लोक आणि स्वतः मुलंही बोलली. गदगच्या ग्रामीण विकास आणि पंचायत राज विद्यापीठाने अंडी मिळालेल्या यादगीर जिल्ह्यातल्या आणि न मिळालेल्या गदग जिल्ह्यातल्या मुलांची तुलना केली, तेव्हा यादगीरच्या मुलांचं वजन जास्त वाढलेलं आढळलं. वरच्या वर्गातल्या मुलींत हा फरक ठळक होता. २०२२ मध्ये योजना सगळ्या राज्यात गेली. २०२४ मध्ये अझीम प्रेमजी फाउंडेशनने तीन वर्षांसाठी सुमारे १,५०० कोटी रुपयांचा करार केला आणि अंडी आठवड्यातले सहाही दिवस मिळू लागली.

आम्ही गेलो त्या दिवशी अंड्यांची टोपली आणि केळ्यांचा घड शेजारी शेजारी ठेवला होता. मुलं येत, आपल्याला हवं ते उचलत आणि रांगेत बसत. एक अंडंवाला आणि एक केळंवाला खांद्याला खांदा लावून जेवत होते, आणि त्यांचं भांडण चाललं होतं ते कबड्डीवरून. ‘भेद होईल’ ही भीती मोठ्यांची होती. तरी ती हसण्यावारी न्यावी असं मला वाटत नाही. ज्या घरात माळ आहे किंवा इष्टलिंग आहे, त्या घरच्या आईला मूल बाहेर काय खातं याची काळजी असणारच. केळ्याने तिचा मान राहतो. पण पोषणाच्या हिशेबात केळं अंड्याच्या तोडीचं नाही: अंड्यात सुमारे सहा ग्रॅम प्रथिनं, केळ्यात जेमतेम एक. अंडं नाकारणाऱ्या घराने डाळ, शेंगदाणे, दूध, दही यांतून ती तूट भरून काढली पाहिजे. हा हिशेब पालकांना समजावून सांगणारं कोणीतरी शाळेत हवं, असं तिथले गुरुजीही म्हणाले.

एका अंड्यामागे शाळेला सहा रुपये धरले आहेत, आणि आणणं, उकडणं, सोलणं त्यातच. बाजारात भाव चढला की गुरुजींची ओढाताण होते. स्वयंपाकाच्या बायकांचं मानधनही तुटपुंजं. तरीही दुपारी साडेबाराला भांडी चुलीवरून उतरलेली असतात.

आता सीमेपलीकडे पाहू. औरादहून उदगीर किंवा देवणी काही लांब नाही. महाराष्ट्राने नोव्हेंबर २०२३ पासून शालेय पोषण आहारात आठवड्यातून एकदा अंडं सुरू केलं होतं. जानेवारी २०२५ मध्ये त्याचा सरकारी निधी थांबवला गेला. हवं असेल तर शाळेने लोकसहभागातून करावं, असं सांगण्यात आलं. म्हणजे दोन मामेभाऊ, एकाच आजीच्या अंगणात वाढलेले. एकाची शाळा रेषेच्या अलीकडे, दुसऱ्याची पलीकडे. एकाच्या ताटात सहा दिवस अंडं, दुसऱ्याच्या ताटात ते गावाच्या मर्जीवर. सत्तर वर्षं आपण सीमेवर भांडलो ते भाषेसाठी, आणि ते भांडण खोटं नव्हतं. पण सीमेचा अर्थ सात वर्षांच्या मुलाला सगळ्यात आधी दुपारी कळतो.

भालकी : व्हॅन आणि आजी

भालकीच्या हिरेमठाची एक गोष्ट या भागात सगळे सांगतात. निजामाच्या काळात उर्दूची सक्ती होती, तेव्हा डॉ. चन्नबसव पट्टद्देवरू यांनी शाळेबाहेर उर्दू पाटी लावली आणि आत कन्नड शिकवलं. भाषेसाठी केलेली ही युक्ती आपल्यालाही आपली वाटते.

आज पाट्या इंग्रजी आहेत. सकाळी आठला पिवळ्या व्हॅन गावोगाव फिरतात आणि मराठी-कन्नड शाळांतली मुलं गोळा करून खासगी इंग्रजी शाळांकडे नेतात. आईबापांची इच्छा चुकीची नाही. मुलाला पुढे जग दिसावं असं कुणाला वाटणार नाही? फक्त एका गोष्टीचा हिशेब कोणी करत नाही. बिसियूट, दूध, अंडी हे सरकारी आणि अनुदानित शाळेत मिळतं. खासगी विनाअनुदानित शाळेत मूल घातलं की फी वाढते आणि हे ताट जातं. त्या जागी डबा येतो, आणि पहाटे शेतावर किंवा दुकानावर जाणारी आई त्या डब्यात काय घालणार? एका व्हॅनमध्ये डोकावलं तर तीन डब्यांत नूडल्स, दोघांत बिस्किटं आणि एकात चपाती-गूळ. गरिबाच्या मुलाच्या पानात डाळ, दूध आणि अंडं, तर जरा वर आलेल्याच्या मुलाच्या डब्यात मैदा, असं उलटं चित्र बदलत्या काळाने तयार केलं आहे.

तिसरं चित्र स्थलांतराचं. या दोन्ही जिल्ह्यांतून माणसं पुण्या-मुंबईला, हैदराबादला, बेंगळुरूला बांधकामावर जातात. चिंचोळीकडच्या तांड्यांवरून तर कुटुंबंच्या कुटुंबं निघतात. काही मुलं बरोबर जातात आणि शाळा सुटते, काही आजीपाशी राहतात. भालकीजवळच्या एका गावात अशी एक मावशी भेटल्या. दोन नातवंडं त्यांच्याकडे होती. मुलांचे आईबाप पुण्यात. “शाळा हाय तवर लेकरायचं दुपारचं मी बघत नाही, माय,” त्या म्हणाल्या. “सुट्टी लागली की मग माझ्या जिवाला घोर. रात्रीची शिळी भाकर दुपारी देते, आन् पोरगं पाच रुपये मागतं, कुरकुऱ्याला. मोबाइल दिला की गप बसतंय.” त्यांच्या बोलण्यात तक्रार नव्हती, रोजचा हिशेब होता. एप्रिल-मे महिन्यांत इथे पारा चाळिशीच्या वर जातो, सरकारी कचेऱ्यासुद्धा सकाळच्या वेळात भरतात. त्याच दोन महिन्यांत शाळेचं स्वयंपाकघर बंद असतं.

बसवकल्याण : दासोह शब्दाचं गाव

‘अक्षर दासोह’ या नावातला दासोह कुठून आला, हे बसवकल्याणला कळतं. बाराव्या शतकात बसवण्णा आणि त्यांच्या शरणांनी इथे दोन शब्द रुजवले. ‘कायक’ म्हणजे आपल्या हातांचं काम, आणि ‘दासोह’ म्हणजे त्या कामातून आलेलं सगळ्यांत वाटणं. दासोहात देणारा उपकार करत नाही; घेणारा हाही शिवच, म्हणून देणारा नम्र. सरकारी योजनेला हे नाव देणाऱ्याने फार विचार केला असणार. मुलाला दिलेलं जेवण ही भीक नव्हे, एवढं तरी त्या नावातून शिक्षकाच्या आणि वाढपिणीच्या कानांवर रोज पडतं.

कल्याणी ही चालुक्यांची राजधानी. इथेच राजा सोमेश्वर तिसरा याने बाराव्या शतकाच्या पूर्वार्धात ‘मानसोल्लास’ रचला. त्यात जेवणाचा एक भाग आहे, नाना पक्वान्नांचा. आणि मराठी माणसाला हरखून टाकणारी एक नोंदही आहे: महाराष्ट्रातल्या बायका कांडताना ओव्या गातात. नऊशे वर्षांपूर्वी राजाच्या पानाची नोंद करताना, ते धान्य कांडणाऱ्या बाईचा आवाजही याच गावात नोंदला गेला. कांडण-दळण गिरणीत गेलं हे बरंच झालं. मुलाला मांडीवर घेऊन काही गुणगुणण्याची वेळ मात्र त्याबरोबर जाऊ नये.

हुमनाबादहून कलबुर्गी

हुमनाबादजवळ माणिकनगर. माणिकप्रभूंनी मराठी, कन्नड आणि हिंदुस्तानीत पदं रचली. तिन्ही भाषांचे लोक तिथे एका पंगतीत दिसतात. इथून पुढे आम्ही रेल्वेने गेलो. बीदर-कलबुर्गी हा ११० किलोमीटरचा मार्ग २०१७ च्या ऑक्टोबरमध्ये पूर्ण होऊन सुरू झाला. मुलांना घेऊन जाणाऱ्यांनी हाच घ्यावा. खिडकीतून दोन्ही बाजूंना तुरीची शेतं दिसतात.

कलबुर्गीची तूरडाळ नावाजलेली. २०१९ मध्ये तिला भौगोलिक मानांकनही मिळालं. शहरात शरणबसवेश्वरांचं मंदिर आहे. अठराव्या-एकोणिसाव्या शतकातल्या या संताला लोक ‘महादासोही’ म्हणतात. येईल त्याला जेवू घालणं हीच त्यांची साधना. पुढे त्यांच्या पीठाने शाळा-महाविद्यालयं काढली आणि अन्नाच्या दासोहाला विद्येच्या दासोहाची जोड दिली.

आम्ही उतरलो ते घर मराठी आहे, तीन पिढ्या इथेच गेल्या. त्यांच्या जेवणात ज्वारीची कडक भाकरी, शेंगदाण्याची चटणी, तुरीचं वरण आणि पुंडी पल्ल्या, म्हणजे आपली अंबाडीची भाजी. घरातल्या नातीने ताटाकडे पाहून तोंड वाकडं केलं आणि पिझ्झा मागितला. आजोबांनी ना रागावलं, ना पिझ्झा मागवला. त्यांनी तिला भाकरीचा तुकडा चटणीत बुडवून खाताना मोडण्याचा आवाज कोणाचा मोठा येतो, अशी शर्यत लावली. दोन भाकऱ्या संपल्या. मुलांच्या पोषणावर मी पुष्कळ वाचलं आहे, पण एवढा सोपा उपाय कुठे दिसला नव्हता. त्यासाठी ताटाशेजारी एक मोकळा माणूस लागतो, आणि आजच्या घरात नेमका तोच मिळत नाही.

या घरात येळवसीची गोष्ट निघाली. मार्गशीर्षातली ही अमावास्या लातूर, धाराशिव, बीदर, कलबुर्गी या सगळ्या पट्ट्यात सारखीच साजरी होते. कन्नडमध्ये तिला एळ्ळ अमावास्या म्हणतात. सगळं गाव शेतात जातं. भज्जी, आंबील, बाजरीचे उंडे, खीर. भज्जीत हिरवी तूर, हरभरा, वाटाणा, वाल, शेंगदाणे, शेतात जे जे असेल ते सगळं. पोषणशास्त्र ज्याला मिश्र आहार म्हणतं तो इथे सण म्हणून एका पातेल्यात शिजतो. त्या दिवशी शेतावर येणाऱ्या कोणालाही जेवल्याशिवाय जाऊ देत नाहीत. सीमेची रेषा ज्या शिवारांतून जाते, तिथे दोन्हीकडची मुलं एकाच कोपीपाशी जेवतात.

गाणगापूर : माधुकरी

शेवटचा मुक्काम भीमा-अमरजेच्या संगमाचा. श्रीनृसिंह सरस्वतींनी इथे दीर्घ वास्तव्य केलं. दुपारी दत्तगुरू कोणत्याही रूपात भिक्षेला येतात, अशी श्रद्धा असल्याने गाणगापुरात बारा वाजता माधुकरी मागण्याची आणि वाढण्याची प्रथा आहे. पगारदार, बंगलेवाले, परदेशातून आलेले, सगळे झोळी घेऊन पाच घरं फिरतात. मोठ्यांचं मीपण उतरवायची ही रीत आहे.

त्या गर्दीत गावातली मुलंही असतात, हात पुढे करून. तो शाळेचा दिवस होता. आमच्यासमोर एका बाईंनी अशाच एका मुलाच्या हातावर पुरणपोळी ठेवली आणि विचारलं, “शाळा नाही का रे?” तो पोळी घेऊन पळाला. ज्याच्या झोळीत श्रद्धा आहे त्याची माधुकरी आणि ज्याच्या हातात गरज आहे त्याची माधुकरी एकाच रांगेत उभ्या असतात, आणि वाढणाऱ्याला दोन्हींत दत्त दिसतो. पण त्या मुलाची हक्काची जागा दुपारी शाळेच्या व्हरांड्यातल्या पंगतीत आहे. तिथे त्याला रोज बसता यावं म्हणून आपण काही केलं, तर तीही दत्ताची सेवाच.

जाणाऱ्या कुटुंबांसाठी दोन-चार सूचना. नोव्हेंबर ते फेब्रुवारी हा काळ चांगला. येळवसीच्या सुमारास गेलात तर ओळखीने एखाद्या शेतात जेवण जरूर मागा, नाही कोणी म्हणणार नाही. गाणगापूरला अन्नदान करणार असाल तर जवळच्या सरकारी शाळेत आधी विचारा. सुट्टीच्या दिवसांसाठी शेंगदाणे, गूळ, डाळ दिली तर ती मुलांपर्यंत पोचते. सीमेपलीकडे आपल्या माहेरच्या किंवा आजोळच्या गावी शाळा असेल, तर तिथे अंडं किंवा दूध चालू आहे का याची चौकशी करा. लोकसहभाग म्हणजे शेवटी तुम्ही-आम्हीच. आणि मूल घरी असो की दूरच्या वसतिगृहात, रात्रीच्या फोनवर ‘जेवलास का?’ विचारून थांबू नका. ‘आज काय जेवलास, आणि कोणाबरोबर?’ एवढं विचारा. उत्तर ऐकायला थोडा वेळही ठेवा.